गच्चीवर इन्सुलेशन किती जाडीचं टाकावं?

परभणी-नांदेडकडे मे महिन्यात पारा ४२ च्या पुढे जातो आणि दिवसभर तापलेला स्लॅब मध्यरात्रीपर्यंत खोलीत उष्णता सोडत राहतो. ऊन थेट डोक्यावरचं असतं, म्हणून पैसे आधी छतावर घाला, भिंतींचं नंतर बघू.

जाडीचा हिशोब सोपा आहे. थराची जाडी मीटरमध्ये घ्या, तिला मालाच्या उष्णतावाहकतेने भागा. येतो तो उष्णतारोध. एक्सपीएस बोर्डाची (कडक फोमच्या पाट्यांची) वाहकता साधारण ०.०३, थर्माकोलची ०.०३६, आरसीसीची मात्र दीडच्या पुढे. त्यामुळे पाच इंची स्लॅब ऊन जवळपास अडवतच नाही. उघड्या स्लॅबचं यू-मूल्य, म्हणजे छतातून उष्णता किती सहज आत येते त्याचं माप, ३ च्या वर असतं (जितकं कमी तितकं चांगलं). २५ मिमी एक्सपीएसने ते ०.९ च्या आसपास येतं, ५० मिमीने ०.५, ७५ ने ०.३६, १०० ने ०.२८. 'इको निवास संहिता २०१८' या घरांसाठीच्या केंद्राच्या ऊर्जाबचत नियमावलीत छताच्या यू-मूल्याची कमाल मर्यादा १.२ आहे. म्हणजे २५ मिमीतही नियम पाळला जातो, पण आपल्याकडच्या उन्हाला ५० मिमी घ्याच. खाली एसी चालत असेल तर ७५. त्यापुढच्या जाडीला पैसे जास्त लागतात, फरक थोडा पडतो.

बोर्ड मागवण्याआधी गच्चीची उंची मोजा. ५० मिमी बोर्ड, वर ५० मिमी कोबा आणि फरशी धरून पातळी साडेचार इंच वर येते. पन्हाळाचं तोंड आणि जिन्याच्या दाराचा उंबरठा त्यात बुडता कामा नये. नाहीतर पहिल्याच मोठ्या पावसात पाणी घरात येतं.

आधी वॉटरप्रूफिंग करून दोन दिवस पाणी साठवून तपासा. मग बोर्ड विटांसारखे सांधे चुकवून लावा आणि सांध्यांवर टेप मारा, कारण फटीतून उष्णता सरळ खाली येते. त्यावर जिओटेक्स्टाइल (पाणी झिरपू देणारं जाड कापड), जाळी टाकून उताराचा कोबा, शेवटी पांढऱ्या चायना चिप्स. बोर्ड उन्हात उघडे ठेवू नका, खराब होतात.

पत्र्याच्या घराला खालून ५० मिमी फॉइलवालं ग्लासवूल लावा. ते दाबून बसवलं, तर जाडीबरोबर रोधही जातो. उघडं थर्माकोल लावू नका, ते झटकन पेट घेतं.

माळवदावर मात्र यातलं काही नको. पांढऱ्या मातीचा जाड थर ऊन अडवायला पुरतो, आणि कोब्याचं वजन जुन्या तुळयांना झेपत नाही.