एकाच फोल्डरमधून 'फॉलआउट' चालविताना या चुका टाळा

चोपड्याच्या घरी पेन ड्राइव्हवरून व्यवस्थित चालणारा 'फॉलआउट' हा संगणकावरचा खेळ जळगावच्या खोलीवर मात्र मास्टर डेटाफाइल सापडत नसल्याचा संदेश देऊन बंद पडला, तेव्हा पेन ड्राइव्हच खराब झाला असावा, असे मला वाटले. प्रत्यक्षात चूक चाचणीतच होती. घरी मूळ खेळ सी ड्राइव्हवर तसाच होता आणि पेन ड्राइव्हवरील प्रत तेथूनच फाइली वाचत होती. म्हणून प्रत घेतल्यावर आधी मूळ फोल्डरचे नाव बदलावे आणि मगच प्रत चालवून पाहावी. ही मिनिटभराची तपासणी वगळणे सर्वांत महागात पडते.

1997 साली आलेला हा खेळ आपल्या फाइलींचे पत्ते 'फॉलआउट.सीएफजी' या साध्या मजकुराच्या फाइलीत ठेवतो. ती नोटपॅडमध्ये उघडून पाहावी. 'मास्टर_डॅट' आणि 'क्रिटर_डॅट' या ओळींत सी ड्राइव्हपासून सुरू होणारा पूर्ण पत्ता असेल, तर तो काढून केवळ फाइलीचे नाव ठेवावे, कारण पेन ड्राइव्हला एका संगणकावर ई तर दुसऱ्यावर एफ हे अक्षर मिळते. 'मास्टर_पॅचेस' आणि 'क्रिटर_पॅचेस' यांच्यासमोर नुसते 'डेटा' (data) लिहावे. या ओळींकडे सहसा लक्ष जात नाही. परंतु सेव्ह केलेला खेळ 'मास्टर_पॅचेस'ने दाखविलेल्या जागीच, 'सेव्हगेम' या फोल्डरमध्ये जातो, त्यामुळे तेथे जुना पत्ता राहिला तर खेळ पेन ड्राइव्हवर आणि प्रगती घरच्या संगणकावर, अशी ताटातूट होते. संगीत ऐकू येत नसेल, तर 'म्युझिक_पाथ1' ही ओळही तपासावी.

मूळ सीडीवरून खेळ बसवीत असल्यास सर्वांत मोठा पर्याय निवडावा; लहान पर्यायात मोठ्या फाइली सीडीवरच राहतात.

खेळ 'प्रोग्राम फाइल्स'मध्ये बसवू नये. व्हिस्टापासून पुढच्या विंडोजमध्ये अशा जुन्या प्रोग्रामने तेथे लिहिलेल्या फाइली 'व्हर्च्युअलस्टोअर' नावाच्या वेगळ्या फोल्डरमध्ये वळविल्या जातात. परिणामी आपण खेळाचा फोल्डर उचलतो, पण त्यात ना नवे सेव्ह असतात, ना बदललेली सीएफजी.

डेस्कटॉपवरील शॉर्टकट सोबत नेऊ नये, कारण त्यातही पूर्ण पत्ताच असतो. फोल्डर उघडून मूळ ईएक्सई फाइलच चालवावी. फोल्डरला 'खेळ' असे मराठी नाव देण्याचा मोह मलाही झाला होता, परंतु त्या काळच्या प्रोग्रामना देवनागरी अक्षरे वाचता येतीलच असे नाही. नाव इंग्रजी अक्षरांत, लहान आणि मोकळी जागा न सोडता ठेवावे.

आपल्याकडे वीज केव्हा जाईल याचा नेम नसतो आणि सेव्ह होत असतानाच ती गेली, तर तो स्लॉट, म्हणजे सेव्हची ती जागा, निकामी होऊ शकतो. म्हणून दोन-तीन स्लॉट आलटून पालटून वापरावेत, पेन ड्राइव्ह 'इजेक्ट' करूनच काढावा आणि 'सेव्हगेम' फोल्डरची एक प्रत दर आठवड्याला घरच्या संगणकावर ठेवावी.