कृपेचा सीन कसा बघायचा

गिरगावात राहणाऱ्या माणसाला देवाचा सिनेमा कसा बघायचा हे काय शिकवायचं, सगळं सुरूच इथून झालंय. दादासाहेब फाळक्यांनी ख्रिस्ताच्या जीवनावरचा सिनेमा बघितला तो गिरगावातच, अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये, आणि तिथे बसल्या बसल्या त्यांना पडद्यावर आपले राम-कृष्ण दिसायला लागले. मग ३ मे १९१३ ला त्यांचा राजा हरिश्चंद्र लागला तो कोरोनेशन थिएटरला, तेही आपल्याच इथे. १९३६ साली प्रभातचा संत तुकाराम सेंट्रल थिएटरला लागला आणि वर्षभराच्या वर हलला नाही. अमर अकबर अँथनीवाले दिग्दर्शक मनमोहन देसाई खेतवाडीत राहायचे. म्हणजे हा विषय आमच्या गल्लीतला आहे, तरी पण मी बघते की देवाच्या कृपेचा सीन आला की मोठी माणसं हात जोडून मोकळी होतात आणि पोरं त्या जुन्या ट्रिकला हसून मोकळी होतात, आणि दोघांनीही तो सीन बघितलेला नसतो. मी जशी बघायला शिकले तसं लिहिते, तुम्ही करून बघा.

आधी मनात थोडी वेगवेगळी वाटणी करून घ्या, कारण आपण सगळ्यालाच कृपा म्हणतो. नवस म्हणजे व्यवहार, तू हे दे मी ते देईन. सत्त्वपरीक्षा म्हणजे परीक्षा आणि तिचा निकाल. हरिश्चंद्राने राज्य दिलं, बायको-मुलगा दिला, स्मशानात राबला, आणि शेवटी देव येऊन मुलगा आणि राज्य परत देतो, बघताना डोळे भरतात पण ते त्याने कमावलेलं आहे. १९७५ चा जय संतोषी माँ घ्या, लोक थिएटरबाहेर चपला काढून आत जायचे, पडद्यावर नाणी टाकायचे, त्या बायकांच्या श्रद्धेला माझा मनापासून नमस्कार आहे, पण गोष्ट व्रत आणि फळ अशीच आहे. कृपा वेगळी. कृपा म्हणजे ज्याचा काही हिशोबच लागत नाही ते. म्हणून सीन आला की स्वतःला एकच प्रश्न विचारायचा, ह्या माणसाने ह्याच्यासाठी काय दिलं होतं? उत्तर "काहीच नाही" असं आलं, किंवा "उलट शिव्याच घातल्या होत्या" असं आलं, की सरसावून बसा.

आणि शिव्या घालणारी म्हटली की जिजाई, तुकारामांची बायको. सुरुवात संत तुकारामपासूनच करा असं मी सगळ्यांना सांगते. यूट्यूबवर तुकडे बघू नका, पूर्ण बघा, कारण तुकड्यांमध्ये फक्त चमत्कार कापून ठेवलेले असतात आणि चमत्काराच्या आधीची भूक गायब असते. दिग्दर्शक दामले आणि फत्तेलालांनी हा सिनेमा असा बांधलाय की एका बाजूला तुकारामांचा विठ्ठल आणि दुसऱ्या बाजूला जिजाईचं रिकामं मडकं, आणि दोन्ही तितकंच खरं. तुकाराम झालेले विष्णुपंत पागनीस आधी नाटकात स्त्री भूमिका करायचे, त्यांच्या हातात आणि मानेत एक मऊपणा आहे तो बघा, ते कुठेच "आता देव येणार" असा चेहरा करत नाहीत. आणि गौरीबाईंची जिजाई सतत हलती, चालती, कामात. मूल आजारी पडतं तेव्हा ती वहाण हातात घेऊन देवळात शिरते, थेट विठ्ठलाला मारायला. हा सीन तीनदा बघा. पहिल्यांदा नुसता बघा. दुसऱ्यांदा फक्त तिचे पाय बघा, कसे पडतात ते. तिसऱ्यांदा हे बघा की सिनेमा तिला शिक्षा करतो का. नाही करत! तिच्यावर वीज पडत नाही, कोणी तिला पापी ठरवत नाही, देवाच्या अंगावर धावून जाणारी बाई देवाच्या घरातलीच धरलेली आहे. मला वाटतं दया पडद्यावर कशी दाखवावी ह्याचा ह्याच्याइतका चांगला धडा मी दुसरीकडे बघितला नाहीये, कारण इथे दया प्रकाशातून किंवा घंटानादातून येत नाही, न झालेल्या शिक्षेतून येते.

तर दुसरी सवय ही, की देवाकडे बघू नका, शेजारच्या माणसाकडे बघा. तुकारामांना शिवाजी महाराजांकडून नजराणा येतो, घरात पहिल्यांदा काहीतरी चकचकीत आलेलं असतं, जिजाईला केवढा आनंद, आणि तुकाराम ते परत पाठवतात. त्या क्षणी पागनीसांकडे सगळेच बघतात, तुम्ही तिच्याकडे बघा. शेवटी वैकुंठाचं विमान येतं, गरुड येतो, आणि तिला बरोबर चल म्हटलेलं असतं पण तिच्या मागे घर आहे, पोरं आहेत, ती नाही जात. कृपा एकावर होते आणि मागे दुसरं कोणीतरी उरतं, त्या उरलेल्याला सिनेमा किती वेळ देतो हे मोजा, शब्दशः सेकंद मोजा. जो सिनेमा त्या माणसाला विसरतो तो माझ्या मते देवालाही नीट दाखवत नाही.

तिसरी गोष्ट, चमत्कारापासून दहा मिनिटं मागे जा. कोणी मागितलं होतं का? कोणी आशा सोडली होती का? इंद्रायणीत वह्या बुडवायला लावतात तेव्हा तुकाराम काठावर बसून राहतात, गाथा परत येणं हा चमत्कार झाला पण खरा सिनेमा त्या बसून राहण्यात आहे. घाईघाईत देव आणणारे सिनेमे हे बसणंच कापून टाकतात, थेट गडगडाट, थेट फुलं.

मग आवाज बंद करून बघा. हे मी अमर अकबर अँथनीवर शिकले, १९७७ चा. आंधळी आई साईबाबांच्या मंदिरात येऊन पडते, कव्वाली चालू आहे, आणि मूर्तीच्या डोळ्यांतून दोन ज्योती निघून तिच्या डोळ्यांत शिरतात आणि तिला दिसायला लागतं. आवाजासकट बघितलं की अंगावर काटा येतोच, यायलाच पाहिजे, देसाईंना ते जमायचं. आवाज बंद केला की दुसरंच काहीतरी दिसतं. आई मंदिरात ठरवून नवस बोलायला आलेली नाहीये, ती जीव वाचवायला पळत आलीये, म्हणजे आपल्या वाटणीप्रमाणे हा नवस नाही, हिशोब नाही. आणि गाणारा अकबर तिचा स्वतःचा मुलगा आहे हे त्या वेळी दोघांनाही माहीत नाहीये. म्हणजे ज्योती मूर्तीतून निघतात खऱ्या, पण तिला त्या दारापर्यंत आणणारा आवाज पोटच्या पोराचा आहे. म्युझिक तुम्हाला फक्त हात जोडायला सांगत असतं, ते काढलं की माणसं दिसतात.

परदेशातला एकच सांगते, जास्त नको. कार्ल ड्रायर म्हणून डेन्मार्कचे दिग्दर्शक, त्यांचा ऑर्डेट, १९५५ चा, व्हेनिसला सगळ्यात मोठं बक्षीस मिळालेला. आपला तुकारामही १९३७ साली व्हेनिसलाच गाजला होता, म्हणून मी हे दोन एकापाठोपाठ दाखवते. शेतकऱ्याचं घर, सून बाळंतपणात जाते, घरातला एक मुलगा ज्याला सगळे वेडा समजतात तो तिला शवपेटीतून उठवतो, आणि त्याला तसं करायला सांगते ती त्या मेलेल्या बाईची छोटी मुलगी, जिला शंकाच नाही. प्रकाशाचा झोत नाही, काही नाही. बोटं हलतात. बंद पडलेलं घड्याळ कोणीतरी परत चालू करतं. आमच्या खोताच्या वाडीतल्या ख्रिस्ती मैत्रिणीने हा माझ्याबरोबर बघितला, ती लहानपणापासून मराठीत प्रार्थना म्हणते त्यामुळे कृपा हा शब्द तिच्या जिभेवर माझ्यापेक्षा जास्त वेळा आलेला आहे, तर ती संपल्यावर एवढंच म्हणाली, "अगं पण बाळ नाही आलं." खरंच नाही येत. आई उठते आणि पहिलं बाळाचं विचारते आणि बाळ गेलेलंच असतं. मी तोपर्यंत चार वेळा बघितला होता आणि माझ्या हे लक्षात नव्हतं आलं. तेव्हापासून माझ्या प्रश्नांमध्ये हा एक वाढला, की कोण परत आलं नाही?

हा प्रश्न माझ्यासाठी सोपा नाहीये. बाबा आजारी होते तेव्हा आम्ही सगळं केलं, मंगळवारी सिद्धिविनायकाच्या रांगेत पहाटे उभी राहिले, बुधवारी मैत्रिणीबरोबर माहीमच्या चर्चमधल्या नोव्हेनाच्या प्रार्थनेलाही जाऊन आले, आणि बाबा गेले. नंतर दोनेक वर्षं कुठल्याही सिनेमात आजारी माणूस उठून बसला की मी चॅनेल बदलायचे, राग यायचा, त्यांच्यावर झाली मग आमच्यावर का नाही. तुमच्या घरात असं कोणी असेल तर त्यांना असे सिनेमे लगेच दाखवू नका, आणि दाखवलेच तर बरं होण्याच्या सीनपासून नाही, वहाणेच्या सीनपासून सुरुवात करा. मला त्यानेच परत आत आणलं. भांडायची परवानगी आहे हे कळल्यावर मग हात जोडता आले.

अलीकडच्यातला देऊळ बघा, २०११ चा, उमेश कुलकर्णींचा. केशाला दत्त दिसतात आणि मग गावात देवळाचं राजकारण सुरू होतं, दुकानं, फ्लेक्स, पैसा. तिथे वेगळी गोष्ट तपासायची, ज्याला दर्शन झालं तो माणूस गर्दीत कुठे ढकलला जातो ते. कृपा झालेल्या माणसाचं पुढे काय होतं हे फार कमी सिनेमे सांगतात.

आता घरी किंवा वाडीत सगळ्यांना दाखवायचं असेल तर थोडं बोलते, कारण आम्ही दर आषाढीला करतो. बाहेर धो धो पाऊस, मंडळाच्या खोलीत भिंतीवर पांढरी चादर, मंडळाच्याच एका पोराचा प्रोजेक्टर. चादर ओलसर नको, सुरकुती नको, तुकारामांचा चेहरा सुरकुतीत गेला की मजा जाते. साबुदाण्याची खिचडी आधीच वाटून टाका, मध्ये नको, चमच्यांच्या आवाजात अभंग बुडतात. चमत्काराच्या सीनला पॉज अजिबात करायचा नाही आणि ट्रिक कशी केली हे त्या वेळी सांगायचं नाही, पोरांना नंतर सांगा, आवडीने ऐकतात. "आधी बीज एकले" हे तुकोबांचं नाही, शांताराम आठवल्यांनी सिनेमासाठी लिहिलेलं आहे, हेही नंतरच सांगा, कारण गाताना सगळ्यांना ते तुकोबांचंच वाटत असतं आणि वाटू दे. आणि संपल्यावर लगेच दिवा लावू नका, दोन मिनिटं अंधारात राहू द्या, लोकांना डोळे पुसायचे असतात.

गेल्या आषाढीला तिसऱ्या मजल्यावरच्या आजी पुढे खुर्चीत होत्या. जिजाई चिडली की त्या मोठ्याने म्हणायच्या, "बरोबर बोलतेय ती, पोरं काय अभंग खाणारेत?" सगळे हसत होते, त्या नव्हत्या हसत, त्यांनी आयुष्यभर खानावळीचे डबे करून चार पोरं वाढवलीत. विमान आलं तेव्हा मागच्या बायकांनी हात जोडले आणि आजी काही बोलल्या नाहीत. दिवा लावल्यावर मी त्यांना विचारलं, बरं वाटलं ना आजी, खाली सोडू का. त्या उठल्याच नाहीत. म्हणाल्या, "ते वहाणेचं परत लाव गं एकदा." मग परत लाइट घालवली आणि लावलं.