मॅटमध्ये जाण्याआधी: ज्येष्ठतेच्या उशिरा दाव्याची तयारी

मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, ज्येष्ठतासूचीला (सेवाज्येष्ठतेच्या क्रमाने लावलेल्या कर्मचाऱ्यांच्या यादीला) आव्हान द्यायचं ठरलं असेल, तर वकिलाआधी एक तारीख शोधा. ज्या अंतिम सूचीत तुमचा क्रमांक खाली गेला, ती कधी निघाली आणि तुमच्या कार्यालयात कधी पोचली? प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, 1985 च्या कलम 21 प्रमाणे अंतिम आदेशापासून एक वर्षाची मुदत असते. रीतसर निवेदन देऊन सहा महिने उत्तर आलं नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष. मंत्रालयातली कितीतरी चांगली माणसं इथेच फसतात. दरवर्षी नवं स्मरणपत्र दिलं की दावा जिवंत राहतो, असं त्यांना मनापासून वाटतं. तसं होत नाही. जुन्या निवेदनाला आज उत्तर मिळालं म्हणून संपलेली मुदत पुन्हा सुरू होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्ये सी. जेकब प्रकरणात स्पष्ट केलं आहे.

मग कागद. नियुक्ती आदेश, रुजू अहवाल, निवडयादीतला गुणवत्ता क्रमांक, विभागीय परीक्षा उत्तीर्ण झाल्याची तारीख, सेवापुस्तकाची साक्षांकित प्रत. तात्पुरत्या सूचीवर हरकत घेतली होती का आणि तिची आवक क्रमांकासह पोच आहे का, हे नीट पाहा. माझ्या मते सगळ्या फायलीत वजनदार कागद हाच. जे सापडत नाही ते माहिती अधिकारात आजच मागा, उत्तराला 30 दिवस जातात. तुमच्या सूचीच्या काळात 1982 चे ज्येष्ठता नियम लागू होते की 2021 ची नियमावली, हेही तपासून ठेवा.

खरा घाम विलंब माफीच्या अर्जाला, म्हणजे मुदत उलटल्यावर उशीर माफ करण्याची विनंती करणाऱ्या अर्जाला, गाळायचा. मूळ अर्ज कितीही भक्कम असो, माफीचा अर्ज फेटाळला गेला तर मूळ अर्ज कोणी उघडूनही पाहत नाही. उशिराचा प्रत्येक टप्पा तारखेसह मांडा: सूची दूरच्या कार्यालयात फिरलीच नाही, आजारपण होतं, फाईल कुठल्या टेबलावर अडकली. ‘न्याय मिळेल या आशेवर थांबलो’ हे कारण टिकत नाही. शिबा शंकर महापात्रा प्रकरणात (2010) सर्वोच्च न्यायालयाने ज्येष्ठतेला आव्हान देण्यासाठी तीन-चार वर्षांचा काळ वाजवी मानला आणि त्यापुढच्या उशिराचं स्पष्टीकरण मागितलं. तरसेम सिंग प्रकरणातला (2008) ‘सततच्या अन्याया’चा (नुकसान दर महिन्याला नव्याने होत राहतं, या युक्तिवादाचा) मुद्दाही जपून वापरा. चुकीच्या वेतननिश्चितीला तो लागतो, पण ज्येष्ठता बदलली की इतरांचे हक्क हलतात, म्हणून तिथे तो चालत नाही. आधार हवा असेल तर आपल्याच राज्याचं रामचंद्र शंकर देवधर प्रकरण (1974) वाचा. तिथे दहा वर्षांहून जास्त उशीर झाला होता, तरी याचिका ऐकली गेली, कारण पदोन्नत्या तात्पुरत्याच होत्या आणि कुणाचा पक्का झालेला हक्क मोडत नव्हता. तुमच्या संवर्गात काय स्थिती आहे, हे वकिलाला आधीच सांगा.

इतरांचे हक्क हलणार असल्यामुळे तुमच्या वरच्या ज्या सहकाऱ्यांचा क्रमांक खाली जाईल, त्यांची नावं आणि पत्ते जमवा आणि त्यांना प्रतिवादी करा. शेजारच्या टेबलावर बसणाऱ्या माणसाला नोटीस पाठवणं जड जातं, मला ते कळतं. पण त्याचं म्हणणं ऐकल्याशिवाय त्याची ज्येष्ठता हलवणं अन्यायच ठरेल, आणि त्याला वगळलं तर अर्जही त्याच कारणावर पडू शकतो. शक्य असेल तर नोटिशीआधी त्याला तोंडी सांगा.

दार कोणतं तेही पक्कं करा. राज्य शासनाचे कर्मचारी मॅटमध्ये जातात, रेल्वे-टपालचे कॅटमध्ये, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणात. महापालिकेचा कर्मचारी मॅटच्या कक्षेत येत नाही. मॅटचा निकाल विरोधात गेला, तर 1997 च्या एल. चंद्रकुमार निकालानुसार उच्च न्यायालयाच्या खंडपीठाकडे जाता येतं.

आणि पदोन्नती समितीची बैठक लागल्याचं कानावर आलं असेल, तर अंतरिम विनंतीचा मसुदा सोबत ठेवा. सरसकट स्थगिती मागू नका. उशिरा आलेल्याला ती क्वचितच मिळते. होणाऱ्या पदोन्नत्या या अर्जाच्या निकालाच्या अधीन राहतील, एवढा आदेश मागा.