पैलवानानं कॅमेऱ्यासमोर कसं पडावं

कुस्ती सुटली की अंग सुटतं. मालिकेत, सिनेमात काम करायचं असेल तर आखाडा बंद झाला तरी जोर-बैठका चालू ठेवा. हवालदार, अंगरक्षक, गुंड, पाटलाचा माणूस, सुरुवातीला असलीच कामं मिळतात आणि ती अंग बघूनच मिळतात.

फोटो काढताना मोडलेला कान लपवू नका. स्टुडिओवाला तोंड वळवून तो मागं घालवतो. मी एक फोटो मुद्दाम त्या बाजूनं काढायला लावतो. असला कान मेकअपनं करायला पैसे पडतात, आपला फुकटचा आहे. सोबत साधा व्हिडिओ: नाव, वय, उंची, गाव, खेळ, कुठल्या भाषा येतात. दंड फुगवू नका, सगळेच फुगवतात. काम देण्याआधीच पैसे मागणारा को-ऑर्डिनेटर भेटला तर चहा पिऊन उठा.

आता अवघड भाग. पाठ टेकू नये म्हणून जन्मभर घाम गाळला, आणि इथं पाठ टेकायचेच पैसे मिळतात. हीरोचा ठोसा खरा वाटतो तो मार खाणाऱ्यामुळं. मूठ तोंडापासून लांबूनच जाते. मधलं अंतर दिसणार नाही अशा बाजूला कॅमेरा लावलेला असतो. मूठ हनुवटीसमोर आली की तिच्याच दिशेनं मान झटका, मग खांदा, पाय सगळ्यात शेवटी. आधी पाय सोडलात तर केळीच्या सालीवरनं घसरल्यासारखं दिसतं. पडताना हनुवटी छातीकडं आणि श्वास बाहेर, हे तालमीत शिकलोच आहोत. पण खाली लाल माती नसते, फरशी असते. गादी कुठं टाकलीय ते फाईट मास्टरला आधी विचारा. गुडघा दुखत असेल तर तेही सांगा, तिथं मर्दुमकी नको. उठताना कुठल्या हातानं तोंड पुसलं ते ध्यानात ठेवा, क्लोजअपला तोच हात लागतो.

सकाळी सातला बोलावतात आणि मारामारी दुपारी चारला निघते. थंड अंगानं उडी मारू नका. ‘लायटिंग चालू आहे’ असं कानावर आलं की कोपऱ्यात सपाटे सुरू करा.

नुसत्या देहावर किती चालतं? दारासिंग हनुमान झाले. 1966 आणि 1970 च्या आशियाई स्पर्धांत थाळीफेकीचं सुवर्ण मिळवलेले प्रवीण कुमार सोबती ‘महाभारता’त भीम झाले, आणि लोकांना शेवटपर्यंत भीमच राहिले. मी पोरांना सलील अंकोलांचं जास्त सांगतो. सोलापूरचा जन्म, वेगवान गोलंदाज. 1989 मध्ये कराचीला सचिनबरोबर त्याच कसोटीत पदार्पण केलं. ती एकच कसोटी, शिवाय 20 एकदिवसीय. नडगीच्या हाडात गाठ निघाली आणि तिशीच्या आतच क्रिकेट थांबलं. पुढं मालिका केल्या, सिनेमे केले. घरगुती मालिकेत गोलंदाजीचा काय उपयोग? तिथं वाक्यच बोलावं लागतं. म्हणून रोज पेपर मोठ्यानं वाचा, एक दिवस मराठी, एक दिवस हिंदी, धाप न लागता.

मालिकेचे पैसे बहुतेकदा तीन महिन्यांनी येतात. खिशात वही ठेवा: तारीख, शिफ्ट किती तासांची, जास्तीचे तास, प्रॉडक्शनमधल्या कुणाशी रक्कम ठरली. पोलिसात किंवा रेल्वेत खेळाडू म्हणून नोकरी लागली असेल तर आधी साहेबांची लेखी परवानगी घ्या, मगच तारीख द्या.