अजिंठा-वेरूळ गाईड घेऊन बघणार असाल तर या चुका टाळा

आमचं घर छत्रपती संभाजीनगरला, त्यामुळे पुण्या-मुंबईचे पाहुणे आले की लेणी दाखवायला नेणं ओघानं येतंच, आणि इतक्या वर्षांत किती चकरा झाल्या ते मी आता मोजत पण नाही. पण दरवेळी तिथे एक गोष्ट हमखास दिसते. लोक लांबून येतात, पैसे खर्च करतात, गाईड पण घेतात, आणि संध्याकाळी गाडीत बसताना म्हणतात की छान होतं हो, पण शेवटी शेवटी सगळं सारखंच वाटायला लागलं. हे ऐकलं की मला मनापासून वाईट वाटतं, कारण तिथे सारखं काहीच नाहीये, फक्त घाई खूप झालेली असते. म्हणून हे लिहितोय.

वार न बघता निघणं

अजिंठा सोमवारी बंद. वेरूळ मंगळवारी बंद. हे भिंतीवर लिहून ठेवा. आमच्या मावशीकडची मंडळी एकदा लातूरहून रात्रभर गाडी चालवून सोमवारी सकाळी अजिंठ्याजवळच्या फर्दापूरला पोचली, सोबत दोन लहान मुलं आणि आजी, आणि तिथून मला फोन. अशी वेळ आलीच तर रडत बसू नका, गाडी सरळ वेरूळकडे वळवा. वेरूळची लेणी पश्चिमेकडे तोंड करून आहेत त्यामुळे दुपारनंतर ऊन आत शिरतं आणि मूर्ती उजळतात, म्हणजे उशिरा पोचलात तरी नुकसान नाही, उलट फायदाच. त्या दिवशी मावशीकडच्यांनी तेच केलं, मंगळवारी सकाळी अजिंठा केलं आणि ट्रिप वाचली.

यातच दुसरी चूक येते, ती म्हणजे दोन्ही एका दिवसात उरकायचं. संभाजीनगरहून वेरूळ साधारण ३० किलोमीटर आणि अजिंठा साधारण १००, ते पण वेगवेगळ्या दिशांना. कागदावर जमतं असं वाटतं, प्रत्यक्षात दिवस गाडीतच जातो. दोन दिवस काढा. एकच दिवस असेल तर एकच ठिकाण निवडा आणि ते नीट बघा. जळगावकडून येणाऱ्यांना अजिंठा जवळ पडतं, ६० किलोमीटरच्या आसपास.

अजिंठ्याला गाडी थेट लेण्यांपर्यंत जात नाही हे पण बऱ्याच जणांना माहीत नसतं. फर्दापूर फाट्यावर गाडी लावायची आणि तिथून पुढचे ४ किलोमीटर आतल्या बसने. परतीची शेवटची बस कितीला आहे ते सकाळीच विचारून ठेवा.

गाईडशी काहीच न बोलता त्याच्या मागे चालायला लागणं

माझ्या मते सगळ्यात मोठी चूक ही आहे. आपण गाईड ठरवतो, पैसे विचारतो आणि मेंढरासारखे मागे मागे. आमच्या एका नातेवाईकांनी पार्किंगमध्येच भेटलेल्या माणसाला बरोबर घेतलं, त्याने वीस मिनिटांत वेरूळचं कैलास लेणं दाखवून संपवलं आणि नंतर दीड तास शाली-साड्यांच्या दुकानात बसवलं. मी सोबत नव्हतो, नंतर कळलं. त्यांनी आयुष्यात एकदाच वेरूळ बघितलं आणि ते असं.

गाईड तिकीट खिडकीपाशी घ्या, त्याचं सरकारी ओळखपत्र मागा, खरा गाईड ते आनंदाने दाखवतो. मग पाच मिनिटं उभं राहून चार गोष्टी ठरवा: किती तास, कोणत्या भाषेत, कोणती लेणी, आणि दुकानात जायचं नाही. भाषेचं मी मुद्दाम सांगतोय. बरेच गाईड सवयीने हिंदी-इंग्रजीत सुरू करतात, पण त्यातले कितीतरी जण आसपासच्या गावचेच असतात, मराठीत सांगा म्हटलं की माणूस खुलतो आणि पाठ केलेल्या भाषणाच्या बाहेरचं सांगायला लागतो.

आणि त्यांना स्पष्ट सांगा की आम्हाला सगळी लेणी नकोत. अजिंठ्याला ३०, वेरूळला ३४. सगळी बघायच्या नादात डोकं आणि गुडघे दोन्ही जातात. अजिंठ्याला १, २, १०, १६, १७, १९ आणि २६ एवढी धरा. वेरूळला १ ते १२ बौद्ध, १३ ते २९ हिंदू आणि ३० ते ३४ जैन अशी विभागणी आहे, त्यामुळे १०, १२, १६, २९ आणि ३२ घेतली तर तिन्ही धर्मांचं काम बघून होतं. सगळे १६ नंबर म्हणजे कैलास बघून परत फिरतात आणि ३२ नंबरची इंद्रसभा तशीच राहते, एवढी नाजूक कोरलेली असून. ती थोडी लांब आहे, आत जायला वाहन मिळतंय का ते गेटवर विचारा.

अंधारात शिरल्या शिरल्या "काही दिसत नाहीये" म्हणून बाहेर येणं

अजिंठ्याचं १ नंबरचं लेणं. बाहेर लख्ख ऊन, आत मंद दिवे. माणसं आत येतात, मोबाईल वर करतात, स्क्रीनवर काळपट भिंत दिसते, आणि दोन मिनिटांत बाहेर. आत एका वेळी मोजकीच माणसं सोडतात त्यामुळे रांगेत अर्धा तास गेलेला असतो आणि बघणं दोन मिनिटांचं.

असं करा. आत गेल्यावर आधी चित्राकडे बघूच नका. एका कोपऱ्यात उभे राहून मिनिटभर डोळे मिटा. मग उघडा आणि समोर गाभाऱ्याकडे चालत जा. गाभाऱ्याच्या डाव्या हाताला पद्मपाणी, म्हणजे हातात कमळ धरलेल्या बोधिसत्त्वाचं चित्र आहे. पहिल्यांदा फक्त चेहरा दिसतो, खाली वळलेली नजर. मग हळूहळू मुकुट दिसतो, गळ्यातले मोती दिसतात, उजव्या हातात अलगद धरलेलं निळं कमळ दिसतं, आणि मग लक्षात येतं की आजूबाजूला केवढी गर्दी आहे, माणसं, माकडं, झाडं, आणि त्या सगळ्यात हा एकटाच शांत उभा आहे. माझी बायको पहिल्यांदा तिथे दहा मिनिटं उभी होती, हलेना. मागचे लोक कुरकुरत होते तरी मी तिला हाक मारली नाही.

त्याच लेण्यात गाईडला म्हणा की आतल्या बुद्धाच्या मूर्तीवर उजेड फिरवून दाखवा. परवानगी असलेला बारीक दिवा त्यांच्याकडे असला तर दाखवतात. एका बाजूने उजेड पडला की चेहरा गंभीर वाटतो, दुसऱ्या बाजूने हसरा, समोरून ध्यानातला. तिथेच एका खांबाच्या माथ्यावर चार हरणं कोरलीयत आणि चौघांना मिळून डोकं एकच, कुठल्याही हरणाकडे बघा, ते डोकं त्याचंच वाटतं. मुलं सोबत असतील तर त्यांना ते स्वतःला शोधू द्या, आधी दाखवू नका.

फ्लॅश, हात लावणं आणि नावं

फ्लॅश बंद म्हणजे बंद. का ते समजून घेतलं तर मुलांना पण सांगता येतं. अजिंठ्याची चित्रं थेट दगडावर नाहीत. खडबडीत दगडावर मातीचा गिलावा, त्यात गवताचे तुकडे, भुसा वगैरे कालवलेला, त्यावर चुन्याचा पातळ हात आणि तो सुकल्यावर वर रंग. म्हणजे आपल्या आजोळच्या घराच्या भिंतीसारखीच भिंत, फक्त दीड हजार वर्षांपूर्वीची, आणि ९-१० नंबरमधली काही चित्रं तर त्याहूनही कितीतरी जुनी, सातवाहन काळातली. जिथे पोपडा उडालाय तिथल्या कडेला नीट बघा, तुकडे तुकडे झालेलं गवत अजून दिसतं. अशा भिंतीला दमट हवा, घाम लागलेला हात, झगझगीत उजेड, काहीच सोसत नाही. चांगल्या मनाने केलेल्या गोष्टींनी पण नुकसान झालंय. निजामाने १९२० च्या सुमाराला इटलीहून जाणकार बोलावले, त्यांनी चित्रं टिकावीत म्हणून वर व्हार्निश दिलं, ते पुढे पिवळं पडत गेलं आणि मूळ रंग झाकले गेले. पुरातत्त्व खात्याची माणसं ते किती वर्षं चिकाटीने साफ करतायत.

१० नंबरच्या लेण्यात गाईडला जॉन स्मिथचं नाव दाखवायला सांगा. हा मद्रास सैन्यातला इंग्रज अधिकारी, २८ एप्रिल १८१९ ला शिकारीला आला असताना त्याला ही लेणी दिसली, आणि त्याने खांबावर आपलं नाव आणि तारीख कोरली. ते नाव आज आपल्या हाताच्या पण वर आहे, कारण तेव्हा आत इतका राडारोडा साचला होता की तो त्या ढिगावर उभा होता. माहिती म्हणून ते बघाच. पण ते नाव बुद्धाच्या चित्रावर आहे हे पण बघा, आणि आजूबाजूला आपल्याच लोकांनी खरवडलेली नावं पण बघा. मला तिथे दरवेळी पोटात कालवतं.

गाईडची प्रत्येक गोष्ट गिळणं, किंवा एकही न ऐकणं

कैलासपाशी हल्ली परग्रहावरून आलेल्या लोकांच्या गोष्टी खूप चालतात. माणसाला हे शक्यच नाही म्हणे. असं कोणी सांगायला लागलं तर शांतपणे म्हणा, काका, छिन्नीच्या खुणा दाखवा. त्या आहेत, भिंतींवर तिरक्या तिरक्या सरळ दिसतात. आणि अजिंठ्याचं २४ नंबर अर्धवट राहिलंय, तिथे तर कारागिरांची पूर्ण पद्धत उघडी पडलीय, आधी खांब ओबडधोबड सुटे करायचे मग घडवायचे, काही खांब अजून कच्चेच आहेत. लोक "हे अपूर्ण आहे, चला पुढे" म्हणतात. मी पाहुण्यांना मुद्दाम तिथे थांबवतो कारण पूर्ण झालेल्या लेण्यात कारागीर दिसत नाही, अर्धवट लेण्यात दिसतो.

कैलास आठव्या शतकातलं, राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याच्या काळातलं. डोंगरात तीन बाजूंनी चर खणून मधला प्रचंड ठोकळा सुटा केला आणि तो वरून खाली कोरत आणला, म्हणजे आधी शिखर आणि शेवटी पाया. एक चूक झाली तर जोडायला दगड आणणार कुठून? आपल्या जुन्या मराठी कथेत याची एक गोष्ट आहे. राणीने व्रत घेतलं की देवळाचं शिखर बघितल्याशिवाय जेवणार नाही, सगळे कारागीर हरले, मग पैठणचा कोकस पुढे आला आणि त्याने काम वरूनच सुरू केलं आणि आधी शिखरच दाखवलं. ही गोष्ट आहे, इतिहास नाही, पण काम वरून खाली झालं हे लोकांनी किती सुंदर लक्षात ठेवलंय बघा. अशा गोष्टी गाईडकडून जरूर ऐका, फक्त "ही दंतकथा का इतिहास?" एवढं विचारत चला, चांगल्या गाईडला हा प्रश्न आवडतो.

कैलासमध्ये आत गेल्यावर सगळे थेट गाभारा गाठतात. घाई करू नका, आधी उजवीकडून म्हणजे दक्षिणेकडून चालत जा. तिथे रावण कैलास हलवतोय. खाली खोल अंधारात सगळे हात ताणून रावण, वर घाबरून शंकराला धरणारी पार्वती, एक दासी पळतेय, आणि शंकर मात्र निवांत. रावण दगडातून इतका सुटा काढलाय की त्याच्या मागे सावली पडते. मान वर करून भिंतीकडे पण बघा, जागोजागी पांढरा गिलावा आणि रंग अजून टिकून आहेत, हे सगळं देऊळ एकेकाळी रंगवलेलं होतं. बाजूच्या टेकडीवर जाणारी वाट उघडी असेल तर वरून पण बघा, पण कडेला सेल्फीसाठी जाऊ नका, प्लीज.

आवाज

वेरूळच्या १० नंबरला लोक सुतार की झोपडी म्हणतात, कारण दगडी छताला लाकडी वाशांसारख्या फासळ्या कोरल्यात. तिथे आवाज घुमतो हे कळलं की पोरं (आणि मोठे पण) आरोळ्या ठोकतात. तिथे बऱ्याचदा बाहेर देशांतले बौद्ध यात्रेकरू प्रार्थनेला बसलेले असतात. त्यांच्यासाठी ही सहल नसते. थोडं थांबा, कोणी हळू आवाजात सूत्र म्हणत असेल तर खांबाला टेकून ऐका, आरोळीपेक्षा ते कितीतरी चांगलं घुमतं. वेरूळला लोक फक्त बघायलाच येत नव्हते, चक्रधरस्वामींचा तिथे मुक्काम होता असं महानुभाव परंपरा सांगते. जवळच घृष्णेश्वर आहे, अहिल्याबाई होळकरांनी जीर्णोद्धार केलेलं, तिथे गाभाऱ्यात जाताना पुरुषांना अंगातला शर्ट काढावा लागतो आणि मोबाईल बाहेर ठेवावा लागतो, म्हणून त्याला वेगळा वेळ धरा, लेण्यांच्या वेळातून चोरू नका.

बारीकसारीक पण त्रास देणाऱ्या गोष्टी

चित्रांच्या लेण्यांत चपला काढाव्या लागतात, लेसचे बूट घातले तर दिवसभर वाकत बसाल. उन्हाळ्यात फरशी तापते, मोजे ठेवा. अजिंठ्याला सुरुवातीलाच बऱ्याच पायऱ्या आहेत, घरच्या वयस्कर माणसांना डोली मिळते, त्यात लाज कसली, भाव मात्र आधी ठरवा. हातात खायचं धरून चालू नका, माकडं सोडत नाहीत. कड्याला मधमाश्यांची मोहोळं असतात, तिथे धूर, शिट्ट्या, आरडाओरडा अजिबात नको. पावसाळ्यात वाघोरा नदी आणि हिरवा डोंगर बघून डोळे निवतात पण ढगाळ दिवशी आत अजूनच अंधार असतो, हे धरून चला.

आणि एक शेवटचं. अजिंठ्याचं २६ नंबर अगदी टोकाला येतं, तोवर सगळे दमलेले असतात, गाईड पण घड्याळ बघत असतो आणि "तसंच आहे, स्तूपच आहे" म्हणून ते सोडून देतात. सोडू नका. माझी सासू गुडघे धरून तिथवर आली होती, आत जाऊन खांबाशी बसली आणि बराच वेळ काही बोललीच नाही. तिथे साधारण सात मीटर लांबीचा बुद्ध कुशीवर निजलाय, महापरिनिर्वाण म्हणजे बुद्धाचा देह ठेवण्याचा क्षण, खाली रडणारे शिष्य आहेत आणि वर स्वागताला आलेले देव. आधी बाहेर सावलीत बसा, पाणी प्या, गाईडला पण पाजा, आणि मग आत जाऊन डावीकडे वळा.