दुहेरी नॅटची गाठ कशी सुटली
कोल्हापुरात राजारामपुरीतील आमच्या घरी इंटरनेटचा वेग उत्तम असूनही मुलाच्या प्लेस्टेशनवर नॅटचा (घरातल्या उपकरणांचे पत्ते बाहेरच्या एका पत्त्यात बदलण्याच्या पद्धतीचा) प्रकार ३, म्हणजे सर्वांत कडक प्रकार, दिसे आणि खेळताना मित्रांचा आवाज त्याला ऐकू येत नसे. राउटरच्या सेटिंगमध्ये बाहेरचा आयपी पत्ता घरातल्या जाळ्यातल्या पत्त्यासारखा १९२.१६८ ने सुरू होताना दिसला, तेव्हा उलगडा झाला: फायबरचा मोडेम आणि मी त्यामागे जोडलेला राउटर असे दोघेही पत्ते बदलत असल्यामुळे बाहेरून येणाऱ्या जोडणीला प्लेस्टेशनपर्यंत वाट मिळत नव्हती. (तो पत्ता १००.६४ ते १००.१२७ यांदरम्यानचा असता, तर अनेक ग्राहकांत मिळून वापरल्या जाणाऱ्या सामायिक पत्त्याबाबत इंटरनेट पुरवठादाराशीच बोलावे लागले असते.) मी राउटर ॲक्सेस पॉइंट मोडवर (पत्ते न बदलता फक्त वायफाय देण्यापुरता) ठेवला आणि मोडेममध्ये यूपीएनपी, म्हणजे उपकरणाला हवी ती वाट आपोआप उघडून देणारी सोय, चालू केले. नॅटचा प्रकार २ झाला. त्याच रात्री मुलाला कळंब्याच्या मित्राचा आवाज स्पष्ट ऐकू आला.