नदीने कापलेला काठ कसा वाचावा: मेहरगढचे जारीज आणि आपली कुशावती

पावसाळा ओसरला की गोव्यातल्या आपल्या कुशावती नदीच्या काठाची माती कोठेकोठे ढासळून उभी भिंत उघडी पडते, आणि तिच्यातून एखाद्या खापरीची कड डोकावताना दिसली की हात आपोआप पुढे जातो. तो आवरावा. जुन्या वस्तूची निम्मी हकिगत ती ज्या थरात रुतली आहे त्या थरात असते, आणि ज्याँ-फ्रान्स्वा जारीज (१९४०–२०१४) यांचे काम याची साक्ष देते.

लूर्द येथे जन्मलेल्या या फ्रेंच पुरातत्त्वज्ञाने बलुचिस्तानातील कच्छीच्या मैदानात आधी पिराक ही प्राचीन वस्ती खणली. त्यानंतर १९७०च्या दशकाच्या मध्यापासून, स्वतः पुरातत्त्वज्ञ असलेल्या पत्नी कॅथरीन यांच्यासह त्यांनी मेहरगढचे उत्खनन केले, जेथे बोलान नदीने कापलेल्या काठात सिंधू संस्कृतीहून काही हजार वर्षे जुनी वस्ती थराथराने उघडी पडली होती. सर्वांत खालच्या थरांत कच्च्या विटांची घरे आणि जवाची शेती होती, पण मातीची भांडी नव्हती. वरखालचा क्रम न जपता नुसती खापरे वेचली असती, तर हा अभावच कोणाला कळला नसता. १९८६पासून ते पॅरिसच्या गिमे संग्रहालयाचे प्रमुख होते.

आपल्या काठाशी जाताना मोजपट्टी, दोरी, आलेख कागद आणि गवंडी वापरतात ती पारदर्शक नळी घ्यावी. माती पुढे झुकलेली असेल तर खाली मुळीच उभे राहू नये. नळीत पाणी भरून तिची दोन्ही टोके भिंतीच्या दोन बाजूंना धरावीत. दोन्हीकडे पाणी जेथे स्थिरावेल त्या उंचीवर, भिंतीपुढे रोवलेल्या दोन काठ्यांना दोरी ताणून बांधावी. तीच आपली आधाररेषा. प्रत्येक थराची कड तिच्यापासून किती सेंटिमीटर वर किंवा खाली आहे, हे दर अर्ध्या मीटरवर मोजून १:२० प्रमाणात कागदावर उतरवावे.

छायाचित्र ऊन थेट पडत नसताना, मोजपट्टी शेजारी उभी धरून घ्यावे. वरून खाली क्रमांक देत प्रत्येक थराचा रंग, पोत, कोळशाचे कण आणि जांभ्याचे खडे लिहावेत. खालचा थर सामान्यतः जुना असतो. मात्र नंतर कोणी खणून बुजवलेल्या खड्ड्यातली माती खोलवर दिसूनही नवीच असते, म्हणून थर मध्येच तुटलेला दिसला की त्या तुटीची रेषा अवश्य काढावी. माझ्या मते नवशिक्याची सर्वांत मोठी चूक येथेच होते.

काहीही उपटू, खरवडू किंवा धुऊ नये. मेहरगढच्या एका दफनात सापडलेल्या तांब्याच्या मण्यात कापसाच्या धाग्याचे तंतू टिकले होते. तो मणी घासून चकचकीत केला असता तर ते नाहीसे झाले असते. जागेची खूण, रेखाटन आणि छायाचित्रे पंचायतीमार्फत राज्याच्या पुरातत्त्व खात्याकडे द्यावीत आणि एक प्रत आपल्याजवळ ठेवावी, कारण पुढच्या पावसात ती भिंत उरेलच असे नाही.